नाटकात गाढव झालेला मुलगा आणि पार्किंगमधली कुत्री

घणसोलीहून एका आईचं पत्र आलंय, थोडं आटोपशीर करून देते.

"मावशी, माझा मुलगा सात वर्षांचा आहे, दुसरीत. दिवाळीत सोसायटीतल्या मोठ्या मुलांच्या नादाने त्याने पार्किंगमधल्या कुत्रीच्या अंगावर लवंगी फेकली. तिला फार लागलं नाही पण तेव्हापासून त्याचा आवाज आला तरी ती गाडीखाली जाऊन बसते. मी खूप ओरडले, एक फटकाही दिला, तर म्हणतो सगळेच टाकत होते. आता शाळेत ख्रिसमसचं नाटक बसतंय आणि त्याला गाढव केलंय, मुलं चिडवतात म्हणून रोज रडतो. मला वाटलं ह्याच निमित्ताने ख्रिसमसच्या गोष्टी सांगून त्याला प्राण्यांबद्दल माया शिकवावी, पण मला सांता सोडून काहीच माहीत नाही. सासूबाई म्हणतात आपल्या गोष्टी संपल्या का. त्यात त्याने सांताकडे पपी मागितलंय आणि मिस्टर म्हणतात आणून टाकू, आपोआप शिकेल. काय करू?"

ताई, गाढवाचा रोल मिळालाय ना, ही तुमच्या हातात आलेली सगळ्यात चांगली संधी आहे, त्यामुळे टीचरना फोन करून रोल बदलून वगैरे अजिबात घेऊ नका. चिडवणाऱ्या मुलांबद्दल मात्र टीचरशी जरूर बोला, आणि जमलं तर गाढवाला नाटकात एखादं वाक्य द्या म्हणून विनंती करा, एक वाक्य मिळालं की मुलाची मान ताठ होते. आणि घरात कुणाला रागावताना गाढवा म्हणायची सवय असेल तर ती आजपासून बंद, कारण आपण त्या प्राण्याचं नाव शिवीसारखं वापरायचं आणि मग मुलाला सांगायचं की गाढव किती छान असतं, हे त्याला पटणार नाही.

आता गोष्ट. नासरेथ नावाच्या गावात राहणारी मरिया आणि तिचा योसेफ, मरियेला दिवस भरत आलेले, आणि रोमच्या बादशहाचा हुकूम निघाला की शिरगणती होणारे, प्रत्येकाने आपापल्या मूळ गावी जाऊन नाव लिहायचं. योसेफचं मूळ गाव बेथलेहेम. जुन्या वाटेने हे अंतर साधारण १५० किलोमीटर धरतात, म्हणजे मुलाला सांगा की ठाण्याहून नाशिकला जायचं, पण गाडी नाही, हायवे नाही, कसारा घाटासारखे चढउतार, आणि गाढवाच्या पाठीवर पोटात बाळ असलेली बाई. तिकडे पोचल्यावर उतरायला जागाच नाही, आणि बाळ, म्हणजे येशू, जन्मल्यावर त्याला ठेवलं ते गव्हाणीत, जिथे गुरांना चारा घालतात तिथे. म्हणजे त्या बाळाचा पहिला पाळणा हा प्राण्यांच्या जेवणाची जागा होती, आणि ही गोष्ट सांगताना मला दरवेळी वाटतं की लहान मुलांना समजावं असं ह्याहून काय पाहिजे.

एक तुमच्यासाठी सांगते, मुलाला लगेच सांगायची गरज नाही. बायबलमधल्या लूकच्या शुभवर्तमानात शिरगणती आहे, गव्हाणी आहे, रात्री मेंढरं राखणारे मेंढपाळ आहेत, पण गाढवाचा किंवा बैलाचा उल्लेखच नाहीये. बैल धन्याला ओळखतो आणि गाढव धन्याची गव्हाणी ओळखतं असं एक वचन त्याच्या कितीतरी आधीच्या यशया संदेष्ट्याच्या पुस्तकात आहे, पुढे लोकांनी ते ह्या जन्मकथेला जोडलं आणि चित्रकारांनी शतकानुशतकं बैल आणि गाढव बाळाच्या अगदी जवळ काढले. मला हे फार आवडतं. लोकांना वाटलं की गव्हाणी आहे तर तिथे जनावरंही असणारच, त्यांना बाहेर कसं ठेवायचं. तुमचा मुलगा मोठा झाला आणि त्याने विचारलं की हे खरंच लिहिलंय का, तर हे असंच सांगा, लपवू नका.

पण सांगायचं कसं हे जास्त महत्त्वाचं. गोष्ट गाढवाच्या बाजूने सांगा. चालून चालून त्याच्या खुरांना काय झालं असेल, पाठीवरचा पट्टा कुठे काचला असेल, पाणी कधी मिळालं असेल, मरिया उतरली तेव्हा त्याला कसं वाटलं असेल, तिथे आधीपासून बैल होता तर त्याने ह्याला जागा दिली असेल का. असं विचारायचं आणि गप्प बसायचं, मुलगा काय सांगतो ते ऐकायचं, तो चुकीचं किंवा विचित्र काही बोलला तरी दुरुस्त करायचं नाही. नाटकाच्या प्रॅक्टिसला त्याला सांगा की तू थकलेलं गाढव आहेस, १५० किलोमीटर चालून आलेलं, मग चालून दाखव. मुलं जेव्हा अंगाने एखादा प्राणी होतात ना तेव्हा जे समजतं ते नुसत्या सांगण्याने समजत नाही.

आणि हात जोडून एक सांगते, गोष्ट संपल्यावर "बघ, आणि तू त्या कुत्रीला काय केलंस" असं म्हणायचं नाही. त्या दिवशी नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. एकदा का मुलाला कळलं की आईच्या गोष्टीच्या शेवटी आपल्यालाच ओरडा बसणारे की मग तो पुढची गोष्ट ऐकतच नाही, कान बंद करून बसतो आणि आपल्याला वाटतं ऐकतोय. फटक्याचंही तेच, तुम्ही त्या दिवशी घाबरला होतात, चिडला होतात, मला समजतं, पण लहान आणि दुबळ्या जिवाला मारायचं नाही हे आपण त्याच्यापेक्षा मोठे असून मारून शिकवलं तर तो दुसरंच काहीतरी शिकतो.

मग कुत्रीचं कधी बोलायचं, तर त्याच्यासाठी ख्रिसमसमध्येच एक सुंदर जागा आहे. पोलंडमध्ये आणि युरोपात आणखीही काही ठिकाणी जुनी समजूत आहे की २४ डिसेंबरच्या मध्यरात्री गोठ्यातले प्राणी माणसासारखे बोलायला लागतात. तुम्ही ही समजूत खेळ म्हणून घ्या. २४ तारखेला जेवणं झाली की त्याला सांगा, आणि विचारा, आपल्या बिल्डिंगमधले प्राणी आज रात्री बोलले तर काय बोलतील? सुरुवात कुत्रीपासून करू नका. आधी खिडकीत येणारा कावळा, मग लिफ्टच्या खोलीवर बसणारी मांजर, कबुतरं, मासे घेऊन येणाऱ्या मावशींच्या टोपलीभोवतीचे बोके, आणि मग सहज, पार्किंगमधली ती काय बोलेल रे? लिहायला सांगा किंवा चित्र काढू दे, कॉमिकसारखा फुगा काढून त्यात वाक्य लिहू दे.

आता तो काय लिहील ते आपल्या हातात नाही. कदाचित लिहील की मला बिस्किट दे. कदाचित लिहील मला फटाक्यांची भीती वाटते. कदाचित लिहील की हा मुलगा वाईट आहे, आणि मग तुमच्याकडे बघेल. असं झालं तर त्याला जवळ घ्या आणि एवढंच विचारा की मग आपण तिच्यासाठी काय करूया, बस. आणि काहीच लिहिलं नाही, टाळलं, तर तेही ठीक आहे, ताणू नका, कागद जपून ठेवा, पुन्हा कधीतरी निघेल.

मला ह्या सगळ्यात सांगायचंय ते एवढंच आहे की गोष्टीमुळे मूल थोडा वेळ त्या प्राण्याच्या जागी जाऊन उभं राहतं, पण तिथून परत आल्यावर त्याच दिवशी त्याच्या हाताला काहीतरी छोटं, खरं काम लागतं, नाहीतर ती माया गोष्टीतच राहते आणि खाली पार्किंगमध्ये काहीच बदलत नाही. म्हणून प्रत्येक गोष्टीला एक काम जोडा. गाढवाच्या गोष्टीला पाण्याचं काम. एक जड, उलटणार नाही असं मातीचं किंवा सिमेंटचं भांडं आणा, रोज सकाळी शाळेच्या आधी त्याने ते घासून भरायचं, तुम्ही सोबत उभ्या राहा. भांडं कुठे ठेवायचं ते आधी कमिटीशी बोलून ठरवा, कारण २०२३च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांमध्ये सोसायटीतल्या कुत्र्यांच्या खाण्यापिण्याची जागा सोसायटीने ठरवून द्यायची असं आहे, आणि ती जागा जिन्यापासून, गेटपासून आणि मुलं खेळतात तिथून लांब असावी हेही त्यातच आहे. हे सांगून जागा घेतलीत तर रोजची भांडणं वाचतात.

कुत्रीला "सॉरी" म्हणायला त्याला तिच्याजवळ पाठवू नका प्लीज. ती घाबरलेली आहे, कोपऱ्यात सापडलेली कुत्री चावू शकते, आणि ते तिच्यासाठीही वाईट आणि मुलासाठीही. त्याने पाणी ठेवायचं आणि मागे यायचं, लांब तुमच्याबरोबर बसायचं, तिच्या डोळ्यात रोखून बघायचं नाही, मागे धावायचं नाही, ती खात असेल, झोपली असेल किंवा पिल्लं असतील तेव्हा जवळ जायचंच नाही. काही आठवड्यांनी ती गाडीखालून बाहेर येऊन त्याच्या समोर पाणी प्यायली तर त्याला जो आनंद होईल तो तुम्ही विकत आणून देऊ शकणार नाही. आणि नाही आली तरी पाणी चालू ठेवायचं, हे त्याला सुरुवातीलाच सांगून ठेवा की तिने आपल्यावर विश्वास ठेवायलाच पाहिजे असं काही नाही, तिला तहान लागते म्हणून आपण पाणी ठेवतो. कधी चावलंच किंवा नुसता दात-नख लागलं तरी साबण लावून वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुवायचं आणि त्याच दिवशी डॉक्टरकडे जायचं, "एवढंसं तर आहे" म्हणून थांबायचं नाही, रेबीजला उपचार नाही पण वेळेत घेतलेली लस वाचवते.

मध्येच एक विचारून ठेवते. त्याने लवंगी का फेकली हे तुम्ही त्याला शांतपणे विचारलंय का? "सगळेच टाकत होते" ह्यात बरंच काही आहे. कधीकधी मूल मोठ्या मुलांत आपली जागा राखायला असं करतं आणि कधीकधी मुळात कुत्र्यालाच घाबरत असतं, ग्रुपमध्ये असलं की ती भीती अशी बाहेर पडते. घाबरत असेल तर त्याला इटलीतल्या संत फ्रान्सिसची लांडग्याची गोष्ट सांगा. गुब्बिओ नावाच्या गावाला एक लांडगा त्रास देत होता, लोक घराबाहेर पडेनात, फ्रान्सिस एकटेच त्याला भेटायला गेले आणि म्हणाले तू भुकेपोटी हे करतोयस हे मला माहितीये, गाव तुला रोज खायला देईल, तू कुणाला त्रास द्यायचा नाहीस, आणि दोन्ही बाजूंनी शब्द पाळला. दंतकथाच आहे ती, पण प्राणी असं का वागतो हा प्रश्न मुलाच्या डोक्यात घालायला फार उपयोगाची. फक्त अनोळखी कुत्र्याकडे फ्रान्सिससारखं चालत जायचं नाही हेही लगेच सांगा, सात वर्षांची मुलं सगळं करून बघतात. आणि हे वेगळं सांगते, मूल एकटं असताना, लपून, पुन्हा पुन्हा प्राण्याला दुखवत असेल आणि त्याला त्याचं काहीच वाटत नसेल तर ते गोष्टींनी सोडवायचं काम नाही, मुलांच्या समुपदेशकाला भेटायचं. तुमच्या पत्रावरून मला तसं वाटत नाही.

हेच असिसीचे फ्रान्सिस आपल्या गोठ्याच्या गोष्टीतही आहेत. १२२३ साली ग्रेच्चो नावाच्या डोंगरातल्या गावात त्यांनी नाताळच्या रात्री खरी गव्हाणी मांडली, खरं गवत आणि खरा बैल नि खरं गाढव आणून उभं केलं, म्हणजे गावातल्या साध्या लोकांना ते बाळ कशा जागी जन्मलं ते डोळ्यांनी दिसावं. आज ख्रिसमसला जिकडेतिकडे जे गोठे मांडतात त्यांची ओळख तिथपासून सांगतात. त्यांच्या चरित्रात असंही आहे की नाताळच्या दिवशी बैलांना आणि गाढवांना जास्तीचा चारा मिळावा, पाखरांसाठी रस्त्यावर धान्य टाकावं अशी त्यांची इच्छा होती, आपण जेवणार तर त्यांनीही पोटभर जेवलं पाहिजे. त्यांचा सण ४ ऑक्टोबरला असतो आणि जागतिक प्राणी दिनही त्याच दिवशी पाळतात.

हे गोठे बघायला मुलाला घेऊन जा. ठाण्यात तलावपाळीजवळ सेंट जॉन द बॅप्टिस्ट चर्च आहे, तुमच्या ओळखीत कुणी ख्रिश्चन कुटुंब असेल तर त्यांच्या घरी त्याहूनही चांगलं, आपल्या ठाणे-वसई पट्ट्यात ईस्ट इंडियन आणि वसईकर ख्रिस्ती लोक पिढ्यान् पिढ्या मराठी बोलणारे आहेत, घरी गोठा मांडतात आणि मुलांना प्रेमाने दाखवतात. २४च्या रात्री आणि २५ला खूप गर्दी असते, गोठे साधारण जानेवारीच्या पहिल्या आठवड्यापर्यंत असतात तेव्हा २६-२७ला निवांत जा. तिथे गेल्यावर त्याला फक्त गाढव कुठे उभं केलंय ते शोधू दे. बाळाकडे बघतंय का, बसलंय की उभं आहे, मेंढ्या किती, कुणी कोंबडी ठेवलीये का. घरी येऊन त्याला हवा असेल तर स्वतःचा गोठा मातीचा करू दे, आणि त्यात त्याने पार्किंगमधली कुत्री ठेवली तर ठेवू दे.

सासूबाईंचं म्हणणं मला मनापासून पटतं, आणि तुम्ही त्यांच्याशी वाद घालायच्या ऐवजी त्यांनाच ह्यात घ्या. कारण गाढवाची दुसरी गोष्ट त्यांच्याकडे आहे! एकनाथ महाराज काशीहून गंगेची कावड घेऊन रामेश्वराला निघालेले, एवढ्या लांबून जपून आणलेलं पाणी, आणि वाटेत वाळूत एक गाढव तहानेने तडफडत होतं तर त्यांनी ती कावड त्याच्या तोंडात ओतली, म्हणाले माझा रामेश्वर इथेच पाणी प्यायला. म्हणजे तुमच्या मुलाच्या एका रोलमागे दोन गोष्टी उभ्या आहेत, एका गाढवाने मरियेला नेलं आणि एका गाढवाला नाथांनी पाणी दिलं, आणि पाण्याचं भांडं भरताना ह्या दोन्ही त्याच्या डोक्यात असतील. मग नामदेवांची, कुत्रं पोळी घेऊन पळालं तर नामदेव तुपाची वाटी घेऊन त्याच्या मागे धावले की देवा कोरडी खाऊ नकोस. ह्या गोष्टी आजीच्या तोंडूनच ऐकाव्यात, तुम्ही सांगू नका. त्यांना असं म्हणा की आई, एक दिवस मी सांगते आणि एक दिवस तुम्ही सांगा, मला नाही वाटत त्या नाही म्हणतील. वसुबारसेला गाय-वासराला ओवाळणारं, पोळ्याला बैलाला पुरणपोळी खाऊ घालणारं घर आहे ते, त्यांना तुमच्या ख्रिसमसच्या गव्हाणीत परकं काही वाटायचं कारण नाही.

आणि जाता जाता, चिऊकाऊची गोष्टसुद्धा एकदा पुन्हा सांगायला लावा. थांब माझ्या बाळाला न्हाऊ घालते, थांब बाळाला तीट लावते, आणि तोवर काऊ बाहेर पावसात भिजत उभा. आपण सगळे ती ऐकत जेवलो, पण कावळ्याला किती थंडी वाजली असेल हे फार कमी जणांना कुणी विचारलं. तुम्ही विचारा. चिऊला वाईट ठरवायचं म्हणून नाही हं, तिला तिच्या बाळाचं पडलंय ते बरोबरच आहे, पण दाराच्या बाहेर जो उभा आहे त्याचंही काहीतरी चाललंय एवढं मुलाला दिसू दे.

पक्ष्यांचं एक राहिलं, आणि तुम्ही घणसोलीत राहता म्हणून हे मला सांगायचंच होतं. नॉर्वे-स्वीडनमध्ये नाताळला ओटची पेंढी काठीला बांधून अंगणात उभी करतात, बर्फात पाखरांना दाणा मिळावा म्हणून. आणि अमेरिकेत पूर्वी ख्रिसमसच्या दिवशी टोळ्या करून शिकारीला जायची पद्धत होती, जी टोळी जास्त पक्षी-प्राणी मारेल ती जिंकली. १९०० साली फ्रँक चॅपमन नावाच्या पक्षीतज्ज्ञाने सुचवलं की ह्या वर्षी मारायच्या ऐवजी मोजूया, आणि त्या २५ डिसेंबरला २७ जणांनी ठिकठिकाणी पक्षी मोजले, ती मोजणी आजपर्यंत दरवर्षी चालू आहे. ही गोष्ट तुमच्या मुलाला नक्की सांगा, कारण ह्यात "सगळेच टाकत होते" ह्याचं उत्तर आहे, सगळे मारत होते आणि एक माणूस म्हणाला चला दुसरं काहीतरी करू, आणि लोक आले.

आणि मग त्याला वही-पेन्सिल घेऊन खाडीवर न्या. ठाणे खाडीचा एक पट्टा २०१५पासून फ्लेमिंगो अभयारण्य आहे, २०२२ला त्याला रामसर दर्जाही, म्हणजे महत्त्वाच्या पाणथळ जागांना मिळतो तो आंतरराष्ट्रीय दर्जा, मिळाला, ऐरोलीला वनविभागाचं सागरी जैवविविधता केंद्र आहे तिथे आधी गेलात तर मुलाला कोणता पक्षी कोणता ते कळेल. फ्लेमिंगो थंडीत यायला लागतात, डिसेंबरात कमीजास्त असतात, पण सीगल हमखास दिसतील, आणि बगळे, शेकाट्या, खंड्या. ओहोटीच्या वेळी चिखल उघडा पडतो तेव्हा ते खायला उतरतात, तेव्हा वेळ बघून जा. तासभर बसायचं आणि मोजायचं.

तिथे तुम्हाला लोक सीगलना गाठ्या-शेव-फरसाण टाकताना दिसतील, पक्षी झेपावतात, फोटो छान येतात, मुलगा हट्ट करेल की मलाही टाकायचंय. टाकू देऊ नका. ते पक्षी लडाख आणि मध्य आशियासारख्या लांबलांबच्या ठिकाणांहून उडत येतात, परत जायला त्यांना मासे-किड्यांचंच बळ लागतं, तळलेलं खारट पीठ त्यांच्या पोटाचं नाहीच. नॉर्वेतल्या बर्फात दाणा ठेवणं ही माया आणि आपल्या खाडीत हात खिशात ठेवणं ही पण मायाच, हे सात वर्षांच्या मुलाला समजतं, आपल्याला वाटतं त्यापेक्षा पटकन समजतं.

खाण्यावरून आठवलं, ख्रिसमसचा प्लम केक! मुलं प्रेमाने आपल्या हातातला तुकडा कुत्र्याला देतात. त्यात मनुका-बेदाणे असतात, आणि मनुकांनी कुत्र्याच्या किडन्या खराब होऊ शकतात, चॉकलेटही त्यांना विषारी असतं. त्यामुळे केक नाही, चॉकलेट नाही. द्यायचंच असेल तर ठरलेल्या जागी, मोठ्यांच्या सोबत, दहीभात किंवा उकडलेलं अंडं, मीठमसाला काही नाही.

आता पपी. ताई, ह्याला माझं स्पष्ट नाही आहे, आणि हे मिस्टरांना वाचून दाखवा. पिल्लू १२-१५ वर्षं जगतं, म्हणजे तुमचा मुलगा कॉलेज संपवून नोकरीला लागेल तोवर. त्याला दिवसातून दोन-तीनदा फिरवायचं, लसी, आजारपणं, सुट्टीत कुठे ठेवायचं, तुम्ही दोघं कामाला जात असाल तर दिवसभर घरी कोण, हे सगळं आईवडिलांनी घ्यायचं काम आहे, सात वर्षांच्या मुलाचं नाही. मुलाने शिकावं म्हणून पिल्लू आणायचं म्हणजे तो शिकेपर्यंत जे काही होईल ते पिल्लाने सोसायचं, आणि दिवाळीचं ताजं असताना तर मुळीच नको. शिवाय डिसेंबरात गिफ्ट म्हणून घाईने विकली जाणारी पिल्लं पुष्कळदा आईपासून फार लवकर तोडलेली असतात, आठ आठवड्यांच्या आतलं पिल्लू विकायला कायद्याने बंदी आहे तरी. मग त्याने पपीऐवजी पोपट मागितला तर लक्षात ठेवा की आपला हिरवा पोपट पाळणं बेकायदेशीर आहे, चांदणी कासवाचंही तसंच, आणि दुकानात मिळतं ते लाल कानाचं छोटं कासव ताटाएवढं होतं, कित्येक वर्षं जगतं, मग लोक ते गुपचूप तलावात सोडून देतात आणि तिथल्या आपल्या कासवांचं आणि माशांचं नुकसान होतं.

सांताने मात्र त्याला रिकाम्या हाताने ठेवू नये. सांताच्या चिठ्ठीत लिहा की पिल्लू सध्या आणलेलं नाही कारण तुझ्या बिल्डिंगमध्ये आधीच एकजण आहे जिची काळजी घ्यायला माणूस हवाय, आणि सोबत ते पाण्याचं भांडं, एक ब्रश, पक्षी मोजायची वही. तो पहिल्यांदा हिरमुसेल, रडेलही, रडू द्या. वर्षभर त्याने पाण्याचं काम मनापासून केलं आणि तुम्हा तिघा मोठ्यांना घरात प्राणी हवा असं वाटलं तर तेव्हा एखादं देशी पिल्लू दत्तक घ्यायचं बघा, आणि तो निर्णय तुमचा म्हणून घ्या.

हे सगळं घरात झालं, पण लवंगी फेकणारी मोठी मुलं अजून तिथेच आहेत आणि ३१ डिसेंबरला रात्री बारा वाजता आपल्याकडे पुन्हा फटाके फुटतात. माणसाला साधारण २०,००० हर्ट्झपर्यंतचा आवाज ऐकू येतो, कुत्र्याला त्याच्या दुपटीहून जास्त, त्यामुळे आपल्याला जो नुसता धडाका वाटतो तो तिला कसा वाटत असेल विचार करा. ३१ला संध्याकाळी मुलाला घेऊन पार्किंगच्या आतल्या कोपऱ्यात एक जुनं गोणपाट आणि पाणी ठेवा, वॉचमन काकांना सांगून ठेवा की तिला तिथून हुसकावू नका. आणि सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कुणाचं नाव न घेता दोन दिवस आधी असा मेसेज टाका: "नमस्कार, दिवाळीत आपल्या मुलांकडून पार्किंगमधल्या कुत्रीवर फटाके फेकले गेले, त्यात आमचाही मुलगा होता. प्राण्यावर फटाका टाकणं हा १९६०च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे आणि घाबरलेलं कुत्रं मुलांना चावूही शकतं. ३१ला पार्किंगमध्ये फटाके नकोत, कृपया सगळ्यांनी आपापल्या मुलांशी बोलावं. मुलं मिळून लिफ्टमध्ये लावायला एक पोस्टर करणार आहेत, रविवारी अकरा वाजता आमच्या घरी या, कागद-रंग आमच्याकडे आहेत." त्या मोठ्या मुलांच्या आयांना आदल्या दिवशी स्वतः फोन करून बोलवा, ग्रुपवरचा मेसेज बघून मोठी मुलं येत नाहीत, आणि ती येणं तुमच्या मुलासाठी सगळ्यात गरजेचं आहे.